हायड्रॉलिक क्लचमधील हवा काढण्याची घरगुती पद्धती : वळवण परिसराच्या संदर्भात एक विवेचन

गोषवारा

मोटारीच्या हायड्रॉलिक क्लचमध्ये हवा शिरल्यास पेडल मऊ पडते, गिअर खरखरत पडतात आणि घाटरस्त्यावर वाहन चालविणे धोक्याचे होते. ही हवा साध्या साधनांनी घरी काढता येते. प्रस्तुत लेखात या यंत्रणेची रचना, थोड्याशा हवेनेही तिचे कार्य बिघडण्याचे कारण, दोषाचे निदान आणि हवा काढण्याची पद्धती यांचे विवेचन केले आहे. अनेक मोटारींत क्लच व ब्रेक यांची तेलाची टाकी एकच असते. त्यामुळे क्लचचे काम करताना झालेले दुर्लक्ष ब्रेकपर्यंत पोहोचू शकते, याकडे विशेष लक्ष वेधले आहे.

बीजसंज्ञा : हायड्रॉलिक क्लच, पास्कलचा नियम, ब्रेक ऑइल, मास्टर सिलिंडर, स्लेव्ह सिलिंडर, वळवण, खंडाळा घाट.

१. प्रस्तावना

पुणे जिल्ह्यातील मावळ तालुक्यात, लोणावळ्यालगत वसलेले वळवण हे गाव दोन गोष्टींमुळे सर्वपरिचित आहे. पहिली गोष्ट म्हणजे तेथील धरण. टाटांच्या जलविद्युत प्रकल्पाच्या बांधकामाचा प्रारंभ १९११ मध्ये येथे झाला आणि १९१५ मध्ये खोपोली येथील वीजगृहातून मुंबईला वीज मिळू लागली. दुसरी गोष्ट म्हणजे रस्ता. जुना मुंबई-पुणे महामार्ग आणि २००२ मध्ये पूर्णत्वास गेलेला द्रुतगती मार्ग हे दोन्ही या परिसरातून जातात आणि पुढे खंडाळ्याच्या घाटात उतरतात. शनिवार-रविवारच्या गर्दीत, विशेषतः पावसाळ्यात, येथील चढावर वाहनांच्या रांगा लागतात. अशा रांगेत क्लचचे पेडल शेकडो वेळा दाबावे लागते. पेडलमधील किंचित दोषही चालकाच्या पायाला येथे प्रथम जाणवतो.

मारुती ८०० सारख्या मोटारींत क्लच तारेने ओढला जात असे. टोयोटा इनोव्हासारख्या वाहनांत हे काम द्रवाच्या दाबाने होते. तार सैल झाली तर ती डोळ्यांना दिसते, परंतु द्रवात शिरलेली हवा दिसत नाही. त्यामुळे पेडल मऊ पडले की क्लच प्लेट गेली असा समज करून घेऊन मोठा खर्च केला जाण्याची शक्यता असते. हा दोष नेमका ओळखता यावा व योग्य मर्यादेत घरी दूर करता यावा, हा प्रस्तुत लेखाचा हेतू होय.

२. यंत्रणेची रचना

क्लच म्हणजे इंजिन व गिअरपेटी यांना जोडणारा आणि गरजेनुसार विलग करणारा दुवा. पेडलला स्पर्श नसताना प्रेशर प्लेटची स्प्रिंग क्लच प्लेटला फ्लायव्हीलवर घट्ट दाबून धरते व इंजिनाची गती पुढे जाते. पेडल दाबले की रिलीज बेअरिंग स्प्रिंगच्या पाकळ्यांवर रेटले जाते, प्लेट मोकळी होते आणि गिअर बदलता येतो.

हायड्रॉलिक क्लचमध्ये पेडल व बेअरिंग यांच्यामधील दुवा म्हणजे ब्रेक ऑइलने भरलेली नळी होय. पेडलमागील मास्टर सिलिंडरचा दट्ट्या तेल पुढे ढकलतो. ते तेल गिअरपेटीजवळील स्लेव्ह सिलिंडरच्या दट्ट्याला रेटते आणि तो दट्ट्या फोर्कच्या साह्याने बेअरिंग सरकवतो. स्लेव्ह सिलिंडरवर एक बारीक, पोकळ स्क्रू असतो. त्यास ब्लीडिंग निपल असे म्हणतात. हवा बाहेर काढण्याचा मार्ग तोच होय. काही आधुनिक मोटारींत स्लेव्ह सिलिंडर गिअरपेटीच्या आत, बेअरिंगभोवतीच बसविलेला असतो. तेथेही निपल बाहेर काढलेले असते, परंतु सिलिंडर गळू लागल्यास गिअरपेटी उतरवावी लागते. ते काम घरगुती कक्षेत येत नाही.

३. हवेच्या बुडबुड्याचे गणित

बंदिस्त द्रवावर दिलेला दाब सर्व दिशांना सारखाच संक्रमित होतो, हा पास्कलचा नियम शालेय भौतिकशास्त्रात शिकविला जातो. त्याचे क्लचमधील परिमाण समजण्यासाठी एक नमुना उदाहरण घेऊ. यातील मापे प्रत्येक वाहनात वेगळी असतात, तरी त्यांचा साधारण आवाका असाच असतो.

चालकाने पेडलवर १०० न्यूटन, म्हणजे साधारण १० किलोग्रॅम वजनाइतके बल लावले आणि पेडलच्या तरफेने ते सहापट झाले असे मानू. मास्टर सिलिंडरच्या दट्ट्यावर ६०० न्यूटन बल येईल. दट्ट्याचा व्यास १५.९ मिलिमीटर असल्यास त्याचे क्षेत्रफळ सुमारे १९८ चौरस मिलिमीटर भरते. त्यामुळे तेलातील दाब सुमारे ३० बार होतो. हा दाब सुमारे ३०० मीटर उंचीच्या पाण्याच्या स्तंभाएवढा आहे. लोणावळा, वळवण व शिरवटा या तलावांचे पाणी घाटमाथ्यावरून नळांद्वारे सुमारे ५०० मीटर खाली खोपोलीच्या वीजगृहात उतरते. तेथे पाण्याचा दाब ५० बारच्या आसपास भरतो. म्हणजे वळवणच्या रहिवाशाच्या मोटारीत, बोटाएवढ्याही जाड नसलेल्या नळीत, घाटातून उतरणाऱ्या त्या महाकाय नळांच्या तळाशी असणाऱ्या दाबाच्या निम्म्याहून अधिक दाब प्रत्येक वेळी निर्माण होतो.

आता विस्थापनाचा विचार करू. मास्टरचा दट्ट्या २५ मिलिमीटर सरकला तर सुमारे ४.९५ मिलिलिटर तेल पुढे जाते. स्लेव्हच्या दट्ट्याचा व्यास १९ मिलिमीटर असेल तर तो त्या तेलाने सुमारे १७.४ मिलिमीटर सरकतो. तेल या दाबाला सुमारे दोन-सहस्रांश एवढेच आकुंचन पावते. हे आकुंचन व्यवहारात नगण्य होय.

या यंत्रणेत केवळ १ मिलिलिटर, म्हणजे सुमारे वीस थेंब भरेल एवढी हवा अडकली आहे असे समजू. बॉइलच्या नियमानुसार ३० बारच्या वाढीव दाबाखाली तिचे आकारमान सुमारे एक-एकतीसांश उरते. म्हणजे पेडलने ढकललेल्या तेलापैकी जवळजवळ ०.९७ मिलिलिटर तेल हवा दाबण्यातच खर्ची पडते. स्लेव्हचा दट्ट्या १७.४ ऐवजी १४ मिलिमीटरच सरकतो. पेडलच्या कार्याचा पाचवा हिस्सा अशा प्रकारे वाया जातो. प्लेट पूर्ण मोकळी होण्यास १५ मिलिमीटर सरकणे आवश्यक असेल तर ती फ्लायव्हीलला घासत राहते आणि गिअर टाकताना दात खरखरतात. चालक अधिक जोर लावतो, पण पेडल जमिनीला टेकल्यावर जोर लावून काहीही साधत नाही. येथे तूट बलाची नसून अंतराची असते.

मोठ्या जलवाहिन्यांवर उंच ठिकाणी हवा सोडणाऱ्या झडपा बसविलेल्या असतात, कारण हवा नेहमी उंच जागी जाऊन अडते. क्लचचे निपल ही मोटारीतील तशीच झडप होय. ते स्लेव्ह सिलिंडरच्या वरच्या अंगाला का असते, याचे उत्तर यातच आहे.

४. दोषाचे निदान

हवा काढण्यापूर्वी दोष हवेचाच आहे याची खात्री करणे अगत्याचे आहे. पुढील लक्षणे परस्परांपासून वेगळी ओळखावीत.

(अ) पेडल मऊ लागते, क्लच जमिनीजवळ सुटतो, रिव्हर्स गिअर खरखरतो आणि पेडल दोन-तीन वेळा भरभर मारल्यास सुधारणा होते. ही लक्षणे हवेची आहेत.

(आ) पेडल प्रथम घट्ट लागते, परंतु दाबून धरल्यास हळूहळू खाली जाते. येथे मास्टर सिलिंडरमधील रबरी वायसर झिजल्याचा संशय घ्यावा. हवा काढून हा दोष जात नाही.

(इ) चढावर इंजिनाचा आवाज वाढतो पण वेग वाढत नाही व जळका वास येतो. ही प्लेट घसरण्याची लक्षणे आहेत. हवेमुळे क्लच सुटत नाही, तर झिजेमुळे तो धरत नाही. हा भेद लक्षात ठेवल्यास अनावश्यक खर्च टळतो.

(ई) घाटातील कोंडीत पेडल मऊ पडते आणि गाडी थंड झाल्यावर पूर्ववत होते. स्लेव्ह सिलिंडर इंजिनाच्या उष्णतेजवळ असतो. जुन्या तेलात मुरलेल्या पाण्याची वाफ होत असण्याची ही शक्यता असते. अशा वेळी सर्व तेल बदलावे.

तेलाच्या पातळीचा अर्थही येथे समजून घेतला पाहिजे. ब्रेकचे पॅड झिजतात तसे तेल कॅलिपरमध्ये उतरते आणि टाकीतील पातळी हळूहळू खाली जाते. स्वयंसमायोजित हायड्रॉलिक क्लचमध्ये याच्या उलट घडते. प्लेट झिजली की स्प्रिंगच्या पाकळ्या बेअरिंगकडे सरकतात, स्लेव्हचा दट्ट्या मागे रेटला जातो आणि थोडे तेल टाकीत परत येते. म्हणून क्लचची टाकी स्वतंत्र असताना पातळी घटली तर ती गळतीच समजावी. पेडलच्या मागील बाजूस पायाशी ओल, स्लेव्हच्या रबरी टोपणात साचलेले तेल आणि नळीच्या सांध्यांवरील ओलसरपणा या तीन जागा प्रथम पाहाव्यात. गळती तशीच ठेवून हवा काढल्यास ती थोड्याच दिवसांत पुन्हा शिरते.

५. तेलाची निवड आणि मावळातील पावसाळा

डॉट ३, डॉट ४ व डॉट ५.१ ही तेले ग्लायकॉल वर्गातील असून हवेतील बाष्प शोषून घेतात. डॉट ५ हे सिलिकॉनचे असते. नावात साम्य असले तरी ते इतरांत मिसळू नये. टाकीच्या झाकणावर व वाहनाच्या पुस्तिकेत जे तेल सांगितले असेल तेच वापरावे. काही वाहनांत खनिज तेल वापरले जाते, त्यामुळे अंदाजाने तेल ओतणे धोक्याचे ठरते.

प्रमाणकानुसार डॉट ३ तेलाचा उत्कलनबिंदू कोरडे असताना किमान २०५ अंश सेल्सिअस व ओलावा मुरल्यावर १४० अंश असावा लागतो. डॉट ४ साठी हेच आकडे २३० व १५५ आहेत. ओलावा मुरलेले तेल म्हणजे सुमारे ३.७ टक्के पाणी असलेले तेल. एवढ्याशा पाण्याने उत्कलनबिंदू ६५ ते ७५ अंशांनी खाली येतो, ही बाब लोणावळा परिसरासाठी विशेष महत्त्वाची आहे. जून ते सप्टेंबर या काळात येथे हवा दीर्घकाळ दमट राहते. गतवर्षीचा अर्धा उरलेला डबा, झाकण घट्ट असले तरी, वापरू नये. शक्य असल्यास हे काम पावसाळ्यापूर्वी एप्रिल-मे महिन्यांतील कोरड्या दिवशी करावे आणि टाकीचे झाकण गरजेपुरतेच उघडावे.

६. साहित्य व पूर्वतयारी

सीलबंद नवे तेल, निपलला नेमका बसणारा रिंग पाना (बहुधा ८ किंवा १० मिलिमीटरचा), निपलवर घट्ट बसणारी आरपार दिसणारी प्लॅस्टिकची नळी, एक स्वच्छ बाटली, सुती फडकी, हातमोजे व चष्मा एवढे साहित्य पुरते. बाटलीत तळाशी थोडे नवे तेल घालून नळीचे टोक त्यात बुडवून ठेवावे. त्यामुळे बुडबुडे दिसतात व हवा मागे ओढली जात नाही.

मावळात अनेक घरांची अंगणे उतरती आहेत. काम सपाट जागीच करावे. उतारावर गाडी कलली तर निपल हे सिलिंडरमधील सर्वांत उंच ठिकाण राहत नाही व हवा आतच अडते. हँडब्रेक ओढून चाकांना पुढे-मागे दगड वा लाकडी ठोकळे लावावेत. गाडी उचलावी लागल्यास मजबूत स्टँडचा आधार द्यावा. केवळ जॅकवर उभ्या असलेल्या गाडीखाली शिरणे जिवावर बेतू शकते. कित्येक मोटारींत निपलपर्यंत बॉनेट उघडूनच हात पोहोचतो, हे आधी पाहावे.

ब्रेक ऑइल रंग खाते. ते पत्र्यावर सांडल्यास लगेच भरपूर पाण्याने धुवावे. निपल व टाकीभोवतीची माती आधीच पुसावी. सिलिंडरच्या रबरी भागांना पेट्रोल, रॉकेल किंवा इंजिन ऑइल लावू नये. त्यांनी रबर फुगते.

७. कार्यपद्धती

दोन व्यक्तींनी करावयाची रीत सर्वाधिक खात्रीची आहे. एकाने पेडलजवळ बसावे व दुसऱ्याने निपलजवळ राहावे. दोघांनी ‘दाबा’, ‘धरा’ व ‘सोडा’ हे तीनच शब्द आधी ठरवून घ्यावेत आणि निपलजवळील व्यक्तीनेच ते उच्चारावेत.

(१) टाकी वरच्या खुणेपर्यंत भरावी.

(२) ‘दाबा’ म्हणताच पेडल सावकाश तळापर्यंत दाबावे व ‘धरा’ म्हणताच तेथेच धरून ठेवावे.

(३) निपल अर्धा आटा सैल करावे. तेल व बुडबुडे नळीतून बाटलीत येतात.

(४) प्रवाह थांबण्यापूर्वीच निपल बंद करावे.

(५) निपल बंद झाल्यावरच ‘सोडा’ म्हणावे. पेडल सावकाश वर आणावे. ते वर येत नसल्यास हाताने उचलावे. दोन-तीन सेकंद थांबून पुढची फेरी घ्यावी.

(६) दर चार-पाच फेऱ्यांनंतर टाकीतील पातळी पाहून तेल घालावे.

(७) सलग काही फेऱ्यांत एकही बुडबुडा न येता स्वच्छ तेल येऊ लागले की निपल बेताने कसावे. ते पोकळ असल्याने अतिजोराने तुटते.

या क्रमातील चौथ्या व पाचव्या पायऱ्यांत संपूर्ण क्रियेचे मर्म आहे. निपल उघडे असताना पेडल सुटले तर मास्टर सिलिंडर तेलाऐवजी बाहेरची हवा ओढतो आणि तोपर्यंतचे श्रम व्यर्थ जातात. पेडल भरभर मारणेही टाळावे. त्याने मोठा बुडबुडा फुटून त्याचे बारीक फेसात रूपांतर होते व तो फेस निघण्यास वेळ लागतो.

साहाय्यक नसल्यास दोन पर्याय आहेत. पहिल्यात टाकीचे झाकण सैल करून निपल उघडे ठेवले जाते व गुरुत्वाकर्षणाने तेल थेंबथेंब उतरू दिले जाते. यास पंधरा-वीस मिनिटे लागतात आणि या काळात टाकीवरून दृष्टी हलवता येत नाही. दुसऱ्यात मोठ्या सिरिंजने निपलमधून नवे तेल हळूहळू वर ढकलले जाते. हवेची स्वाभाविक गती वरच्या दिशेने असल्याने हट्टी बुडबुडे यामुळे निघतात. तथापि आधी जुने तेल काढून टाकलेले नसेल तर तळाचा गाळ वर मास्टरमध्ये जातो, तसेच टाकी ओसंडण्याचा धोका असतो. निपलवरून हवा ओढणारा पंप वापरल्यास आट्यांच्या फटीतून बाहेरची हवा नळीत येते आणि बुडबुडे संपतच नाहीत असा भास होतो, हेही ध्यानात ठेवावे.

८. ब्रेकची सुरक्षितता

वरील विवेचनातील सर्वांत गंभीर मुद्दा टाकीच्या पातळीचा आहे. ज्या मोटारींत क्लच व ब्रेक यांची टाकी सामाईक असते, तेथे क्लचकडे जाणारी नळी सामान्यतः टाकीच्या वरच्या भागातून निघते. क्लच गळाला तरी ब्रेकसाठी तळाशी तेल उरावे, अशी ही योजना आहे. हवा काढताना पातळी त्या नळीच्या तोंडाखाली गेली की क्लचमध्ये पुन्हा हवा शिरते. ते केवळ त्रासदायक होय. परंतु कोणत्याही कारणाने टाकी तळापर्यंत रिती झाली व ब्रेकचे पेडल दाबले गेले तर ब्रेकच्या नळ्यांत हवा जाते. क्लच न सुटणारी गाडी जागीच थांबते. ब्रेक न लागणारी गाडी खंडाळ्याच्या उतारावर थांबत नाही.

म्हणून काम संपल्यावर, गाडी जागेवरून हलविण्यापूर्वी, इंजिन सुरू करून ब्रेकचे पेडल दाबून पाहावे. ते नेहमीइतकेच उंच व घट्ट असले पाहिजे. ते मऊ लागल्यास किंवा टाकी रिती झाली होती अशी शंका असल्यास गाडी चालवू नये. ब्रेकमधील हवा काढण्याचे काम, विशेषतः एबीएस असलेल्या वाहनात, जाणत्या कारागिराकडेच सोपवावे.

९. चाचणी व तेलाची विल्हेवाट

इंजिन मंद गतीने चालू ठेवून क्लच पूर्ण दाबावा, तीन-चार सेकंद थांबावे व रिव्हर्स गिअर टाकावा. तो निःशब्द पडला तर प्लेट पूर्ण मोकळी होत आहे असे समजावे. नंतर सपाट, निर्मनुष्य रस्त्यावर थोडे अंतर चालवून पाहावे आणि मगच घाटाचा विचार करावा. दुसऱ्या दिवशी पातळी व सांधे पुन्हा तपासावेत. आठवड्याभरात पेडल पुन्हा मऊ पडल्यास गळती वा झिजलेले वायसर शोधावे. वारंवार हवा काढत राहणे हा उपाय नव्हे.

निघालेले तेल पुन्हा टाकीत ओतू नये. ते गटारातही ओतू नये, कारण ग्लायकॉल पाण्यात मिसळते व पोटात गेल्यास विषारी ठरते. लोणावळ्याच्या घाटमाथ्यावरील पाणी दोन दिशांना जाते. याच परिसरात उगम पावणारी इंद्रायणी देहू-आळंदीकडे वाहते, तर तलावांचे पाणी खोपोलीच्या वीजगृहातून पाताळगंगेला मिळते. दोन्ही नद्यांकाठी वस्ती आहे. हे तेल झाकणाच्या बाटलीत, खूण करून, मुलांच्या हाती लागणार नाही असे ठेवावे आणि टाकाऊ तेल अधिकृतपणे जमा करणाऱ्या गॅरेजकडे द्यावे.

१०. निष्कर्ष

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष निघतात.

१. हायड्रॉलिक क्लचमधील १ मिलिलिटर हवाही पेडलच्या कार्याचा सुमारे पाचवा हिस्सा नाहीसा करू शकते. पेडल मऊ पडण्याचे कारण प्लेटची झीज हेच असते असे नाही.

२. क्लच न सुटणे व क्लच न धरणे हे दोन भिन्न दोष आहेत. त्यांतील भेद ओळखणे हा निदानाचा पाया होय.

३. हवा काढण्याची क्रिया सोपी असली तरी ती दोन अटींवर अवलंबून आहे. निपल बंद झाल्याशिवाय पेडल सुटता कामा नये आणि टाकी कधीही रिती होता कामा नये.

४. सामाईक टाकी असलेल्या वाहनात हे काम ब्रेकच्या सुरक्षिततेशी जोडलेले आहे. म्हणून ब्रेकच्या तपासणीशिवाय ते पूर्ण झाले असे मानू नये.

५. पदवीपूर्व वर्गांत पास्कल व बॉइल यांचे नियम शिकविताना खोपोलीचा जलदाब व क्लचची नळी ही उदाहरणे शेजारी-शेजारी मांडल्यास विद्यार्थ्यांना परिचित परिसरातूनच या नियमांचे परिमाण कळू शकेल.